जमिनीची भानगड: पोलीस ठाणं की कोर्ट? (सोसायटी ग्रुप, रविवार)

ए-३०३: नमस्कार. विषय घरचा आहे, पण इथे जाणकार आहेत म्हणून विचारतो. गावची वडिलोपार्जित जमीन चुलतभावाने परस्पर विकली. सातबाऱ्यावर त्याच्यासोबत माझं आणि आत्याचं नाव आहे. फेरफाराची, म्हणजे उताऱ्यावर नवं नाव लावण्याची, नोटीस आली तेव्हा कळलं. पोलिसांनी समजपत्र हातात ठेवलं, बाब दिवाणी स्वरूपाची आहे, न्यायालयात दाद मागा.

बी-२०१: सोडू नका. फसवणुकीचा गुन्हा लागला की धावत येईल खरेदीखत रद्द करायला.

सी-१०२ (वकील): काका, फौजदारी कोर्ट शिक्षा देतं, हिस्से पाडून देत नाही. नुसत्या दबावासाठी केलेली फिर्याद हायकोर्टात रद्द होऊ शकते. एप्रिल २०२५ मध्ये सुप्रीम कोर्टाने उत्तर प्रदेश पोलिसांना दिवाणी वादांना फौजदारी रूप देण्यावरूनच झापलं होतं. दादा, खतावर सही कोणाची?

ए-३०३: त्याचीच. वाटणीत माझा हिस्सा त्याला आला असं लिहिलंय. वाटणी कधी झालीच नाही.

सी-१०२: मग तुमच्या हिश्श्यापुरतं पोलीस फार चुकले नाहीत. सुप्रीम कोर्टाचा निकाल आहे, मोहम्मद इब्राहिम विरुद्ध बिहार राज्य, २००९. दुसऱ्याची जमीन स्वतःची सांगून विकली तरी सही स्वतःच्या नावाने असेल तर ते खत कायद्याच्या अर्थाने बनावट ठरत नाही. फसवणूक झालीच तर ती पैसे मोजणाऱ्याची, फिर्याद त्याने द्यायची.

बी-२०१: जमीन याची गेली आणि फसला तो? धन्य आहे!

सी-१०२: जमीन गेलेली नाही काका. ते खत दादांवर बंधनकारक नाही, फक्त तसं दिवाणी कोर्टाकडून जाहीर करून घ्यावं लागतं. आत्यांचं काय लिहिलंय?

ए-३०३: त्यांच्या वतीने कुलमुखत्यार म्हणून त्यानेच सही केलीय. मुखत्यारपत्र २०२३ चं आहे.

ए-३०३: पण आत्या २०२१ मध्ये गेली.

सी-१०२: हे आधी सांगायचं! इथे गुन्हा आहे. मुखत्यारपत्र २०२३ चं, त्यामुळे ते खोटं बनवण्याला जुनी भारतीय दंड संहिता (भादंवि) लागेल. खरेदीखत १ जुलै २०२४ नंतरचं असेल तर ते वापरण्याला तिच्या जागी आलेली भारतीय न्याय संहिता.

ए-३०३: यावर्षीचंच आहे.

डी-४०४ (निवृत्त पीएसआय): ठाण्यात अशा अर्जांचा ढीग असतो. अर्जदार पणजोबांपासून सुरुवात करतो, दुसऱ्या पानापर्यंत कोणी वाचत नाही, शेरा पडतो 'दिवाणी'. एकच पान लिहा. पहिलं वाक्य: मयत बाईच्या नावाने मृत्यूनंतर दोन वर्षांनी मुखत्यारपत्र झालं. मृत्यूचा दाखला आणि दुय्यम निबंधकाकडून खताची, मुखत्यारपत्राची नक्कल जोडा. मुखत्यारपत्र तिथे नोंदवलेलं असेल तर फोटो नि अंगठा कोणाचा तेही निघेल. वाटणीबद्दल त्यात अवाक्षर नको.

सी-१०२: अगदी. तरी घेतलं नाही तर एसपींना लेखी, मग मॅजिस्ट्रेटकडे शपथपत्रासह अर्ज. दखलपात्र गुन्हा दिसत असेल तर पोलिसांना नोंदवावाच लागतो, सुप्रीम कोर्टाचा ललिता कुमारी निकाल, २०१३.

ए-३०३: मग कोर्टात दावा नंतर टाकू?

सी-१०२: नाही! इथेच लोक वर्ष-दोन वर्षं घालवतात आणि तोवर जमीन तिसऱ्याला विकली जाते. वाटपाचा आणि खत बंधनकारक नाही हे जाहीर करून घेण्याचा दावा, सोबत तूर्तातूर्त मनाईचा (निकालापर्यंत विक्री थांबवण्याचा) अर्ज, लगेच. दावा पडल्याची नोटीसही दुय्यम निबंधकाकडे नोंदवा. दोन्ही प्रकरणं एकाच वेळी चालू शकतात. आत्यांच्या वारसांना सोबत घ्या, त्यांच्याशिवाय अडेल.

ए-३०३: आतेबहीण नाशिकला असते. बोलतो. आणि फेरफार?

सी-१०२: नोटिशीपासून १५ दिवसांत लेखी हरकत, पोच घेऊन. फेरफाराने मालकी ठरत नाही, पण त्याच उताऱ्यावर तो पुढचं गिऱ्हाईक गाठेल.

बी-२०१: चुलतभावाचा स्वतःचा हिस्सा तरी त्याने विकलाच ना?

सी-१०२: तो विकू शकतो. घेणाऱ्याला मग वाटपच मागावं लागेल.

सेक्रेटरी: वकीलताई, आभार. ए-३०३, खताचा फोटो टाकायचा विचार असेल तर इथे नको, त्यात सगळ्यांचे आधार नंबर असतात. ताईंना वेगळा पाठवा.