'साउंडी' : पलायनवाद की स्वप्नरंजन?

विचारणा : १९४०च्या दशकातल्या अमेरिकी साउंडींवर, म्हणजे यंत्रात नाणं टाकून बघायच्या छोट्या गाण्यांच्या फिल्मांवर, लेख लिहितो आहे. नारळीची झाडं, चांदणं, हुला नाच, युकुलेले (छोटी गिटार) असा सगळा थाट असलेल्या हवाई बेटांच्या गीतांना 'पलायनवादी' म्हणावं का? आणि 'साउंडी'चं लिंग कोणतं?

उत्तर : स्त्रीलिंगी. ती साउंडी, त्या साउंड्या, साउंड्यांमध्ये. गाडीसारखी चालवा, कुठे अडत नाही.

'पलायनवाद' मात्र नको. 'वाद' म्हटलं की भूमिका आली, आणि समीक्षेत हा शब्द ठपका ठेवायलाच येतो. इथे काय व्हायचं ते बघा. बारमधल्या पॅनोरम यंत्रात दहा सेंटचं नाणं टाकायचं, की कपाटाच्या पडद्यावर साधारण तीन मिनिटांचं कृष्णधवल गाणं लागायचं. आठ गाण्यांची फिल्म टोकाला टोक जोडून लावलेली, त्यामुळे निवड नाही. बेटाचं गाणं नुकतंच होऊन गेलं असेल, तर मधल्या सात गाण्यांचे पैसे भरायचे आणि आठव्या नाण्याला किनारा गाठायचा. माणूस जागचा हलतच नाही, मग पलायन कसलं? याला आपल्याकडे नेमका शब्द आहे : स्वप्नरंजन.

प्रतिप्रश्न : पण डिसेंबर १९४१मध्ये पर्ल हार्बरवर हल्ला झाला, तो याच हवाईत. त्यानंतरही तिथल्या चांदण्याची गाणी बघणं म्हणजे पलायनच ना?

उत्तर : तो मुद्दा मांडायचा असेल तर 'पलायनवृत्ती' लिहा. वृत्ती बघणाऱ्याची असते, वाद विचाराचा.

पुरवणी : विशेषण 'हवाईयन'च ठेवा. हवाई दल, हवाई सुंदरी कानात बसल्यामुळे 'हवाई गिटार' आकाशात जाते. 'स्टील गिटार'चं 'पोलादी तारांची गिटार' करू नका. स्टील म्हणजे डाव्या हातातली कांब. गिटार आडवी ठेवून ही कांब तारांवरून सरकवतात, तार दांडीवरच्या पडद्यावर (फ्रेटवर) दाबत नाहीत, म्हणून सूर मींडेसारखा वाहतो. गवताचा घागराही मुळात तिथला नव्हे, तो गिल्बर्ट बेटांवरच्या मजुरांबरोबर आला. हुलासाठी एका झाडाच्या पानांचा घागरा असे. त्या झाडाला इंग्रजीत 'ती' म्हणतात, पण मराठीत 'तीची पानं' वाचून घोटाळा होईल. हवाईयन नाव 'की' आहे, तेही अवतरणात द्या.

आणखी एक : पॅनोरममध्ये चित्र आरशांवरून फिरून पडद्याच्या मागच्या बाजूने पडायचं, म्हणून प्रती आरशातल्यासारख्या उलट्या छापत. तशी प्रत साध्या प्रोजेक्टरवर लावली की कांब उजव्या हातात दिसते. 'डावखुरा वादक' लिहिण्याआधी पाटीवरची अक्षरं सुलटी आहेत ना, ते बघा.