कानाची नळी अरुंद, पण कारण नोटमध्ये नाही: एच६१.३०१ की एच६१.३२१?

ऐरोली_कोडर
अमेरिकन रुग्णांच्या नोंदींना (चार्ट) आयसीडी-१०-सीएम हे निदानाचे कोड लावणाऱ्यांसाठी विषय. ईएनटीची ओपीडी नोट, असेसमेंटमध्ये, म्हणजे निदानाच्या भागात, दोनच ओळी: 'उजव्या एक्स्टर्नल कॅनालचा स्टेनोसिस' (बाहेरची नळी आकसणं) आणि खाली 'क्रॉनिक ओटायटिस एक्स्टर्ना, उजवा' (त्या नळीचा जुना दाह). दोन्हींना जोडणारा 'ड्यू टू' किंवा 'सेकंडरी टू' ('मुळे' या अर्थाचा शब्द) कुठेच नाही. तरी बरेच जण सरळ एच६१.३२१ टाकतात, म्हणजे सूज-संसर्गामुळे आलेला स्टेनोसिस. माझ्या मते हे चूक आहे. एच६१.३०१ (कारण न सांगितलेला स्टेनोसिस) आणि सोबत एच६०.६१ (जुना दाह), बस. कारण जोडायचा अधिकार डॉक्टरांचा, कोडरचा नाही.

मुलुंड_आरसीएम
ताई, इतकं कडक धरून चालत नाही. वर्षानुवर्षं कान वाहतोय, त्याच कानाची नळी आकसली आहे, दोन्ही निदानं एकाच भेटीत लिहिली आहेत. संबंध समोर दिसतोय. 'विथ'चा नियम, म्हणजे कोडबुकात दोन आजार 'विथ'ने जोडलेले असण्याचा, अशाच ठिकाणी संबंध गृहीत धरायला सांगतो. शिवाय क्वेरीचं, म्हणजे डॉक्टरांना केलेल्या लेखी विचारणेचं, उत्तर यायला दिवस जातात, तोवर क्लेम अडकून राहतो. पुढे कॅनालप्लास्टीचं (नळी रुंद करण्याची शस्त्रक्रिया, कोड ६९३१०) प्री-ऑथ, म्हणजे विमा कंपनीची पूर्वमंजुरी, मागायचं तर कारणासकट निदान असलेलं बरं.

ऐरोली_कोडर
दादा, तो नियम 'विथ' आणि 'इन' या शब्दांपुरता आहे. कोडबुकाच्या इंडेक्समध्ये (शब्दसूचीत) स्टेनोसिस, एक्स्टर्नल इअर कॅनाल उघडून बघा. तिथे 'ड्यू टू' आहे, आणि टॅब्युलरमध्ये (कोडांच्या क्रमवार यादीत) कोडच्या शीर्षकात 'सेकंडरी टू'. म्हणजे संबंध लिहिलेलाच लागतो.
आणि 'अनस्पेसिफाइड'ला लोक उगाच घाबरतात. एच६१.३०१ मध्ये कारण नाही, पण बाजू आहे. सहावा अंक १ उजवा, २ डावा, ३ दोन्ही, ९ बाजू माहीत नाही. टाळायचा तो ९. ऑक्टोबर २०२१ पासून बाजू नर्स किंवा ऑडिओलॉजिस्टच्या नोंदीवरूनही घेता येते, नोंदींमध्ये विसंगती असेल तरच क्वेरी. कारणाला मात्र ही सवलत नाही.

परळ_ईएनटी
त्याआधी हा स्टेनोसिस आहे का, ते तपासा. ॲक्यूट ओटायटिस एक्स्टर्नात (नळीच्या तीव्र दाहात) नळी इतकी सुजते की पडदा दिसत नाही. आम्ही विक (औषध आत पोचवणारी वात) घालतो, थेंब देतो, दोन-तीन दिवसांत सूज उतरते आणि नळी पूर्ववत होते. तपासणीच्या रकान्यात कुणी 'कॅनाल स्टेनोटिक' लिहिलं असलं तरी ते त्या वेळचं वर्णन आहे. असेसमेंटमध्ये नसेल तर त्याचा कोड करू नका.
खरा आकसलेपणा वेगळा. नळी साधारण अडीच सेंटीमीटरची. बाहेरचा एक तृतीयांश भाग कूर्चेचा, आतला हाडाचा. हाडावरची त्वचा अगदी पातळ असते, तिथे वारंवार दाह झाला की पडद्यालगत तंतुमय ऊतींचा जाड थर धरतो. तो थेंबांनी जात नाही. थर काढून, हाड रुंद करून, त्वचेचा ग्राफ्ट लावावा लागतो, आणि तरीही नळी पुन्हा आकसू शकते. अशा केसमध्ये मला मुलुंडचं पटतं. दुखापत नाही, शस्त्रक्रिया नाही, जुना स्राव आहे, तर दुसरं कारण असणार तरी काय?

ऐरोली_कोडर
डॉक्टर, मग 'क्रॉनिक ओटायटिस एक्स्टर्नामुळे' एवढंच नोटमध्ये लिहा. तुम्हाला जे ठाऊक आहे ते चार्टमध्ये नसेल तर ऑडिटला मी काय दाखवू?

ठाणे_ऑडिटर
मला याहून मोठी चूक दुसरीकडे दिसते. मॅस्टॉइडेक्टॉमीनंतर (कानामागच्या हाडाच्या शस्त्रक्रियेनंतर) नळी आकसली तर तो एच९५.८१ गटात जातो. एच६१.३खाली 'एक्सक्लूड्स वन' (हे एकत्र लावू नका) ही सूचना आहे, त्यामुळे त्याच आकसण्याला दोन्ही कोड लावता येत नाहीत. जुन्या आयसीडी-९ मध्ये शस्त्रक्रियेनंतरचा ३८०.५२ याच कुटुंबात होता, म्हणून २०१५च्या आधी शिकलेले अजून एच६१ मध्येच शोधतात. पण चार्टमध्ये नुसती जुनी शस्त्रक्रिया दिसली म्हणूनही एच९५ टाकू नका. शस्त्रक्रियेमुळे झालं असं डॉक्टरांनी म्हटलेलं हवं.
हाडाची वाढ असेल, म्हणजे एक्सोस्टोसिस, तर एच६१.८१. लहान मुलाची नळी जन्मजात अरुंद असेल तर क्यू१६.१, त्याला बाजूच नाही. डॉक्टरांनी नुसतं 'स्टेनोसिस' लिहिलं तर इंडेक्स ॲक्वायर्डकडेच (जन्मानंतर झालेल्याकडेच) नेतो, म्हणून मुलांच्या चार्टमध्ये जन्मजात आहे का हे विचारलंच पाहिजे.

दादर_टीपीए_डेस्क
भारतातल्या कॅशलेस क्लेमवाल्यांनी हा वाद जसाच्या तसा उचलू नये. डब्ल्यूएचओच्या आयसीडी-१० मध्ये एच६१.३ एवढाच कोड आहे, पुढे कारण नाही, बाजू नाही. सहा वर्णांचा कोड त्या यादीतच नाही. बाजू आणि कारण क्लेम फॉर्मच्या भाग बी मध्ये आणि डिस्चार्ज समरीत शब्दांत लिहा. जन्मजात बाह्य व्यंग अनेक पॉलिसींत वगळलेलं असतं, त्यामुळे नळी नंतर आकसली असेल तर 'ॲक्वायर्ड' हा शब्द समरीत हवाच.

मुलुंड_आरसीएम
शस्त्रक्रियेचा मुद्दा मान्य. दाहाबाबत मी अजून ठाम आहे, पण क्वेरी करायचीच तर एकदाच नीट करा. 'हे ओटायटिसमुळे आहे ना?' असं विचारलं तर ते लीडिंग, म्हणजे उत्तर सुचवणारं, ठरतं.

ऐरोली_कोडर
मी असं विचारते: 'उजव्या कॅनालच्या स्टेनोसिसचं कारण कृपया नोंदवा: क्रॉनिक ओटायटिस एक्स्टर्ना / दुखापत / पूर्वीची शस्त्रक्रिया / अन्य / सांगता येत नाही.'

ठाणे_ऑडिटर
चार्टमध्ये दुखापतीचा किंवा शस्त्रक्रियेचा उल्लेख नसेल तर ते दोन पर्याय काढा. ज्याला चार्टमध्ये आधार आहे तेवढंच क्वेरीत ठेवायचं. 'अन्य' आणि 'सांगता येत नाही' हे मात्र कायम ठेवा. उत्तर 'सांगता येत नाही' आलं तर एच६१.३०१ तसाच पाठवायचा, तो त्या नोटसाठी बरोबर कोड आहे.