इतिहास-कलेवर डॉक्युमेंटरी काढायच्या तर कोकणातच राहायला पाहिजे, पटतंय का?

कुडाळचा_मामा
भाचीने पुण्यात फिल्मचं शिक्षण पूर्ण केलं आणि आता म्हणते कुडाळलाच राहणार, इकडच्या कला आणि इतिहासावर डॉक्युमेंटरी काढणार. घरात सगळ्यांचं एकच, मुंबईला जा, सिरीयलच्या युनिटात लाग. मी एकटा तिच्या बाजूने आहे.

दशावताराचं, म्हणजे आपल्या जत्रांत रात्रभर चालणारं, नाटक लिहिलेलं नसतं. कथानक ठरतं आणि मग राजा, राक्षस, नारद सगळे आपापली भाषणं स्टेजवर उभ्या उभ्या रचतात. बाहेरची टीम येते, एक जत्रा शूट करते, संकासुर राक्षसाचे शॉट घेते, रंग लावतानाचे क्लोजअप घेते नि पहाटेच निघते. तोच नट पुढच्या गावात तीच भूमिका वेगळी बोलतो, खरी कला तर त्यात आहे, आणि ते मिळवायचं तर दशावतारी नाटक कंपनीबरोबर सगळा हंगाम फिरायला पाहिजे.

कातळशिल्पांचं, म्हणजे खडकात कोरलेल्या जुन्या चित्रांचं पण तेच. भर दुपारी सड्यावर, म्हणजे जांभ्या दगडाच्या उघड्या पठारावर, जाऊन बघा, धड काही दिसत नाही. ऊन तिरकं पडलं की जांभ्यातली खोदाई उठून येते, पावसात परत सगळं गवताखाली. कशेळीचा हत्ती साधारण १८ मीटर लांब आहे आणि त्याच्या पोटात आणखी कितीतरी प्राणी कोरलेत, ते सुट्टी टाकून दोन दिवसांत होणारं काम आहे का? माझं म्हणणं, हे पूर्णवेळच करायला पाहिजे आणि इथेच राहून.

हिशोबी_रत्नांग्रीकर
मामा, तुमची तळमळ समजते पण करिअर म्हणजे दर महिन्याला घरात पैसे येणं. पूर्वी सरकारची फिल्म्स डिव्हिजन होती, १९४८ पासूनची, थिएटरात पिक्चरच्या आधी त्यांचे माहितीपट दाखवणं सक्तीचं होतं, तिथे लोकांनी पगारावर आयुष्यभर हे काम केलं. ती २०२२ मध्ये एनएफडीसीत, म्हणजे सरकारच्या चित्रपट विकास महामंडळात, विलीन झाली. आता काय उरलं, ग्रँट आणि फेस्टिव्हल. आणि ग्रँटसाठी अर्ज लिहिण्यात जे महिने जातात त्याचे पैसे कोण देणार? तिला मुंबईत आठ-दहा वर्षं काम करू दे, स्वतःचा कॅमेरा, साउंड, ओळखी होऊ देत, मग येऊ दे परत.

देवबागची
आठ-धा वर्सांनी कोण परत येता ओ? येवचा मनात आसता पण येणा होणा नाय. त्यापेक्षा हयच लग्नाची शूटिंगा करूक सांगा, उरलेल्या दिवसांत आपला काम.

कुडाळचा_मामा
लग्नाच्या शूटिंगचा विचार आम्ही पण केला. पण लग्नसराई आणि जत्रांचा हंगाम एकाच वेळी येतात ना, तुळशीचं लग्न झालं की दोन्ही सुरू. पावसात मोकळीक, तेव्हा जत्रा नाहीत आणि सडा पण नाही. म्हणून आम्ही ठरवलंय लग्नाची शूटिंग फक्त मे महिन्यात घ्यायची, आणि पावसात एडिटिंगची बाहेरची कामं. फार पैसे नाहीत त्यात, मान्य.

खाडीपलीकडचा
पैशाचं जाऊ दे. माझा विरोध वेगळ्या कारणाने आहे. गावात राहणारा माणूस गावाबद्दल खरं दाखवू शकत नाही. राजापूरजवळच्या बारसूचं उदाहरण घ्या. तिथली कातळशिल्पं २०२२ ला युनेस्कोच्या तात्पुरत्या यादीत गेली आणि २०२३ च्या एप्रिलमध्ये त्याच सड्याच्या परिसरात रिफायनरीच्या सर्वेक्षणावरून केवढं आंदोलन पेटलं. एका घरात दोन मतं होती. अशा जागी इतिहासाची फिल्म करताना हे गाळलं तर ती फिल्म खोटी, आणि घातलं तर हिचे अर्धे नातेवाईक बोलणं टाकणार. बाहेरच्याला ही भीती नसते. आणि मुंबईत राहून कोकण होत नाही असं कोण म्हणतं? १९०१ मध्ये केंब्रिजला गणितात नाव काढून रँग्लर परांजपे परत आले तेव्हाचं चौपाटीवरचं स्वागत सावेदादांनी, म्हणजे भाटवडेकरांनी, कॅमेऱ्यात घेतलं, आपल्याकडचा पहिला वार्तापट म्हणतात तो. परांजपे दापोलीजवळच्या मुर्डीचे, शूटिंग मुंबईत.

चित्रकथीप्रेमी
पण सावेदादांनी आपल्या शहरातलीच घटना घेतली ना, म्हणजे मामांचंच म्हणणं आलं.

मला मात्र दोन्ही बाजूंना एक विचारायचंय, कलाकाराला काय मिळतं? कुडाळजवळच्या पिंगुळीच्या ठाकर मंडळींकडे चित्रकथीच्या पोथ्या आहेत, एकेक चित्र पुढे धरून गाऊन कथा सांगायची, शिवाय कळसूत्री आणि चामड्याच्या बाहुल्या. त्यांच्यातल्याच परशुराम गंगावणेंना २०२१ ला पद्मश्री मिळाली तेव्हा कुठे बाहेरच्या लोकांना नाव कळलं. अशा घरांत जो येतो तो जरा करून दाखवा म्हणतो आणि चहा पिऊन जातो. वर फिल्मची कॉपी पण पाठवत नाहीत, हे अगदी चीड येण्यासारखं आहे. मानधन आधी, कॅमेरा नंतर.

हिशोबी_रत्नांग्रीकर
मानधन द्यायचं म्हणजे बजेट अजून वाढलं. आणि पैसे घेऊन कॅमेऱ्यासाठी केलेला खेळ हा जत्रेतल्या खेळासारखा राहत नाही, ते पण बघा.

चित्रकथीप्रेमी
आधी सावंतवाडीच्या राजांचा आश्रय होता तेव्हाही पैसे घेऊनच करत होते की, तेव्हा कला खोटी होती का? फुकटात करून घेतली म्हणजे अस्सल, हे मला अजिबात मान्य नाही.

कुडाळचा_मामा
मानधनाचं शंभर टक्के पटलं, आणि माझा मुद्दा त्यानेच पक्का होतो. ही इथे राहिली तर ज्याचं शूट केलं तो बाजारात भेटणार, माझं काय झालं म्हणून विचारणार, तोंड चुकवता येणार नाही. बारसूचं मात्र माझ्याकडे उत्तर नाही. तिला विचारलं तर म्हणाली दोन्ही बाजूंना पूर्ण बोलू द्यायचं आणि फिल्म पहिल्यांदा त्याच गावात दाखवायची, नंतर फेस्टिव्हल.

खाडीपलीकडचा
गावात पहिला शो ठेवायची हिंमत असेल तर मी माझा विरोध थोडा मागे घेतो. थोडाच. कारण शो झाल्यावर हे गाळ, ते गाळ म्हणणारे येतील, त्यात तिच्या घरचे पण असतील. तेव्हा तुम्ही कुठल्या बाजूला उभे राहणार मामा, ते आत्ताच ठरवा.

देवबागची
घरातल्यांका पयला दाखवा. थय टिकला तर मगे गावात.