मदत हवी आहे: पाचवीची पोरं कागदावर बरोबर, वहीत चूक (अपूर्णांक)

जि.प. शाळेवर आहे, चौथी-पाचवी एकाच खोलीत, मिळून 19 पोरं. अडलंय ते अपूर्णांकांच्या तुलनेत. कागदाची घडी घालून 1/4 आणि 1/8 कापून हातात दिलं की लगेच सांगतात पाव मोठा, पण तेच फळ्यावर लिहिलं की निम्मी पोरं 1/8 मोठा म्हणतात, काल एक जण म्हणाली "सर, आठ मोठे ना चारपेक्षा".

मानसशास्त्रज्ञ पियाजेच्या हिशोबाने वय 7 ते 11 म्हणजे मूर्त क्रियात्मक अवस्था (समोर वस्तू असली की विचार नीट जमतो), त्यामुळे हातात वस्तू हवी हे पटतं. डी.एड.ला पाठ केलेलंच आहे ते. दुसरा मानसशास्त्रज्ञ ब्रूनर, त्याचा शिकण्याचा क्रमही धरला, आधी कृती, मग चित्र, मग चिन्ह. भाकरी, कागद, चौकोन रंगवणं सगळं झालं. ज्याला येतं त्याच्या शेजारी न येणारा बसवला तर तो नुसतं उत्तर उतरवून घेतो.

प्रोजेक्टर नाही, तासाला जेमतेम 35 मिनिटं, त्यात चौथीलाही बघायचं, म्हणून अॅप नका सुचवू. छेद म्हणजे काय हे विचारलं तर तोंडी बरोबर सांगतात, तेव्हा प्रश्न एवढाच की चित्रावरून चिन्हावर नेताना तुम्ही मधे नेमकं काय करून घेता, आणि आता कागद काढून घ्यायला हरकत नाही हे कशावरून ओळखता?