वळिवडे स्टेशनवर इतिहास लिहायचा, की आधी गाड्या वाढवायच्या?

पंचगंगाकाठ: कोल्हापूर-मिरज मार्गावरच्या छोट्या स्टेशनांचा इतिहास त्या त्या फलाटावरच फलक लावून वाचायला मिळाला पाहिजे, आणि सुरुवात वळिवड्यापासून व्हावी. १९४३ ते १९४८ या काळात गावाशेजारच्या छावणीत सुमारे पाच हजार पोलिश निर्वासित राहिले, त्यात बायका आणि मुलंच जास्त. सोव्हिएत रशियानं सैबेरियाकडं हाकललेली ही माणसं इराणमार्गे हिंदुस्थानात आली. जामनगरजवळच्या बालाचडीतली पोलिश मुलंही पुढं इथंच आणली. छावणीत शाळा होत्या, चर्च होतं. त्यांच्या आठवणीचा स्तंभ महावीर उद्यानात आहे, पण तो शहरात. स्टेशनवर रोज उतरणाऱ्या पोराला आपण कुठल्या मातीवर उभं आहोत हे कुणी सांगायचं?

रुकडीकर: फलकाला माझा विरोध आहे, आणि तो मनापासून आहे. मार्च २०२० ला देशभरच्या पॅसेंजर बंद झाल्या. परत सुरू झाल्या तेव्हा तिकीट एक्स्प्रेसच्या दरानं लागलं, ते खाली यायला २०२४ उजाडलं. तोवर कॉलेजची पोरं, दूधवाले, कामाला जाणाऱ्या बायका वडापच्या जीपगाड्यांकडं वळल्या त्या वळल्याच. मिरजेपर्यंत अजून एकेरी रूळ. पंचगंगा फुगली की रुकडीच्या पुलाकडं बघत बसायचं. असल्या मार्गावर आधी गाडी मागा. माणूसच चढत-उतरत नसेल तर तो फलक वाचणार कोण?

गांधीनगरची लेक: दोघांनाही एक विचारते. पोलिश लोक गेल्यावर त्याच बराकींत फाळणीनंतरचे सिंधी निर्वासित आले, हे कुणी लिहिणार आहे का? पोलिश माणसं पाच वर्षं राहिली. आमची माणसं घरदार सोडून आली ती इथंच, आजच्या गांधीनगरात राहिली, दुकानं टाकली, आणि आज अख्ख्या जिल्ह्याचा लग्नाचा बस्ता इथंच बांधला जातो. परदेशी पाहुणे आले की हारतुरे होतात, आमच्या आजोबांचं नाव कुणी काढत नाही. फलक लावणार असाल तर मराठी, सिंधी आणि पोलिश, तिन्हीत लावा. नाहीतर नकोच.

शाहूपुरी गल्ली: ताईंचं पटलं. पण इतिहास छावणीपासून का धरता? या रेल्वेची पायाभरणी १८८८ ची, शाहू महाराजांच्या हस्ते. तेव्हा ते चौदाही वर्षांचे नव्हते. १८९१ ला मीटरगेजवर, म्हणजे अरुंद रुळांवर गाडी धावली, आणि राज्यकारभार त्यांच्या हाती आला १८९४ ला. म्हणजे रेल्वे आणण्याचा निर्णय ते सज्ञान होण्याआधीच्या कारभाऱ्यांचा. महाराजांचं मोठेपण त्याच्या पुढचं आहे. हाती आलेल्या रुळांचं काय करायचं हे त्यांना कळलं. १८९५ ला स्टेशनजवळ शाहूपुरी पेठ वसवली, गुळाचा व्यापार तिथं आणला. पुढं रुळालगतच जयसिंगपूर आखून वसवलं. नुसतं ‘महाराजांनी रेल्वे आणली’ एवढं लिहून मोकळं होऊ नका, ही पेठांची गोष्ट लिहा.

पंचगंगाकाठ: ताई, तीन भाषांची सूचना मी माझ्या मागणीत घेतो. रुकडीकर, तुमचं गाऱ्हाणं खरं आहे. पण गाड्या रेल्वे बोर्डाच्या हातात आहेत, त्यासाठी फलक का अडवायचा? तो चार गावच्या ग्रामपंचायती मिळून, रेल्वेची परवानगी काढून लावू शकतात.

रुकडीकर: का, ते सांगतो. एकदा स्मारक झालं की पुढारी नारळ फोडतात, फोटो निघतात आणि स्टेशनचं काम झालं असं समजतात. १९७१ ला ब्रॉडगेज, म्हणजे रुंद रूळ आले, मुंबईला जाताना पुण्यात गाडी बदलायची कटकट संपली, तेव्हा आमच्या वडिलधाऱ्यांना वाटलं, आता छोट्या गावांचंही भलं होणार. लांबच्या गाड्या वाढल्या, मधल्या स्टेशनांच्या वाट्याला फारसं आलं नाही. शाहूपुरीवाल्यांनी स्वतःच सांगितलं की महाराजांनी रुळालगत पेठा उभ्या केल्या. त्याच रस्त्यानं जा. सकाळ-संध्याकाळ मिरज-कोल्हापूर जादा फेऱ्या आणि गांधीनगरच्या बाजारकऱ्यांना सोयीची वेळ, हे रेल्वेला द्यायच्या निवेदनात पहिलं लिहा. फलक दुसरा. क्रम बदलला तर माझी सही नाही.

गांधीनगरची लेक: या क्रमावर माझी सही आहे. बाजाराला येणारी बाई गाडीनं आली तर तिची कापडाची गाठोडीही गाडीनंच जातील.

पंचगंगाकाठ: मला क्रम मान्य नाही. छावणीत वाढलेली मुलं आज नव्वदीच्या घरात आहेत, आणि फाळणीत आलेले सिंधी आजोबाही. फेऱ्यांची वाट आपण आणखी बघू शकतो. त्यांच्याकडून ऐकून घ्यायला तेवढा वेळ उरलेला नाही. निवेदनं दोन करू, एकाच दिवशी देऊ.