एनव्हिडिया ॲपचा ओव्हरले एकाच गेमपुरता बंद करता येतो का?

रात्रपाळी:
आरटीएक्स ३०६० १२ जीबी, रायझन ५ ५६००, विंडोज ११, सोबत एनव्हिडिया ॲप. बाकी सगळ्या गेम्समध्ये इन्स्टंट रिप्ले (नुकताच झालेला खेळ मागाहून जतन करण्याची सोय) हवा आहे. पण स्कायरिम स्पेशल एडिशनवर ईएनबी (गेमचं चित्र सुधारणारा मॉड) आणि बरेच मॉड्स चढवायचे आहेत, तिथे ओव्हरले (गेमवर चढणारा ॲपचा थर), फिल्टर्स असलं काहीही मध्ये यायला नको. ॲपच्या ग्राफिक्स टॅबमध्ये स्कायरिम निवडलं की व्हीसिंक, फ्रेम रेटची मर्यादा वगैरे दिसतं, ओव्हरलेचं बटण मात्र नाही. दर वेळी ॲप उघडायचं, ओव्हरले बंद करायचा आणि खेळून झालं की परत चालू करायचा, एवढाच मार्ग आहे का?

शिवाय मित्राकडे एएमडीचं रेडिऑन कार्ड आहे. त्याच्या ॲड्रिनलिन सॉफ्टवेअरमध्ये हे गेमगणिक जमतं का, तेही कोणी सांगितलं तर बरं.

फ्रेमटाइम:
बटण सापडत नाही कारण ते तिथे नाहीच. ॲपमध्ये दोन वेगळी खाती एकाच छताखाली बसवली आहेत.

पहिलं खातं ड्रायव्हर प्रोफाइलचं. व्हीसिंक, मॅक्स फ्रेम रेट, लो लेटन्सी मोड, डीएलएसएस ओव्हरराइड हे सगळं गेमच्या ईएक्सई फाइलच्या नावाला बांधलेलं असतं. गेम सुरू होताना ड्रायव्हर ते वाचतो, त्यामुळे प्रत्येक गेमला वेगळं ठेवता येतं.

दुसरं खातं ओव्हरलेचं. ही वेगळी प्रक्रिया आहे आणि ती चालू गेममध्ये आपली डीएलएल (कोडची फाइल) घुसवते. तिला एकच मुख्य स्विच आहे, गेमगणिक नाही.

पण या दुसऱ्या खात्यातही दोन तुकडे आहेत आणि तुमचं काम त्यातल्या एकावरच होण्याची शक्यता जास्त. रेकॉर्डिंग आणि रिप्लेसाठी एनव्हीएसपीकॅप६४ नावाची डीएलएल येते. फिल्टर्स आणि फोटो मोडसाठी एनव्हीकॅमेरा६४ येते. ईएनबीशी खरी झटापट या दुसरीची. ईएनबी म्हणजे गेमच्या फोल्डरमध्ये ठेवलेली डी३डी११ डीएलएल. गेम तिला विंडोजची समजून उचलतो आणि चित्र काढायचे सगळे आदेश तिच्या हातून जातात. तयार फ्रेम पडद्यावर जाण्याच्या त्याच टप्प्यावर फिल्टर्सही हात घालतात, आणि डेप्थ बफरही (कुठली वस्तू किती दूर याची नोंद) दोघांना हवा असतो. कोण आधी अडकलं यावर निकाल ठरतो. म्हणून असा घोटाळा कधी दिसतो, कधी नाही, आणि माणूस उगाच मॉड्सना दोष देत बसतो.

फिल्टर्स कुठल्याच गेममध्ये लागत नसतील तर सोपं आहे. सेटिंग्ज, मग फीचर्स, तिथे ओव्हरलेच्या खाली 'गेम फिल्टर्स अँड फोटो मोड' बंद करा. गेम चालू असेल तर पूर्ण बंद करून पुन्हा उघडा, कारण आधीच घुसलेली डीएलएल बटण दाबल्याने बाहेर पडत नाही. इन्स्टंट रिप्लेला याचा धक्का लागत नाही. डिसेंबर २०२४ मध्ये हाच पर्याय चालू असताना, एकही फिल्टर लावलेला नसतानासुद्धा, काही गेम्समध्ये १५ टक्क्यांपर्यंत फ्रेम्स घटत असल्याचं चाचण्यांत दिसलं होतं. तेव्हा खुद्द एनव्हिडियानेच तो बंद करायला सांगितलं होतं. वापरत नसाल तर चालू ठेवण्यात काही अर्थ नाही.

फक्त स्कायरिमपुरतेच फिल्टर्स काढायचे असतील तर एनव्हिडिया प्रोफाइल इन्स्पेक्टर वापरा. हे फुकट मिळणारं छोटं साधन आहे, इन्स्टॉल करावं लागत नाही.

१. वरच्या यादीत स्कायरिम स्पेशल एडिशनचा प्रोफाइल शोधा. जुन्या स्कायरिमचा प्रोफाइल वेगळा असतो, तो उचलू नका.
२. सेटिंग्जमध्ये 'अँसेल' शोधा. 'एनेबल अँसेल' ही ओळ ऑफ करा. शेजारच्या अँसेलच्या बाकी ओळींना हात लावू नका.
३. उजवीकडे वर 'अप्लाय चेंजेस' दाबा. हे विसरलात तर काहीच जतन होत नाही, आणि साधन त्याबद्दल ओरडतही नाही.

अँसेल हे नाव जुनं आहे, पण फिल्टर्सची अख्खी यंत्रणा आतून अजून त्याच नावावर चालते.

खात्री करायची असेल तर प्रोसेस एक्सप्लोरर घ्या. गेम चालू ठेवून ऑल्ट + टॅबने बाहेर या, यादीत स्कायरिमची ओळ निवडा, कंट्रोल + डी दाबा. खालच्या चौकटीत त्या गेममध्ये शिरलेल्या सगळ्या डीएलएल दिसतील. एनव्हीकॅमेरा६४ तिथे दिसायला नको. दिसली तर प्रोफाइल चुकीच्या ईएक्सईला लागलं आहे. व्हॅन्गार्डसारखं अँटी-चीट (फसवणूक पकडणारं सॉफ्टवेअर) असलेल्या गेमवर ही तपासणी करत बसू नका, तिथे यादी दिसतही नाही आणि उगाच संशय कशाला ओढवून घ्यायचा.

रेकॉर्डिंगवाली डीएलएल मात्र प्रोफाइलमधून निघत नाही. तीही नको असेल तर मुख्य स्विचच बंद करावा लागेल. निदान रिप्लेचं एन्कोडिंग थांबवायचं असेल तर ऑल्ट + शिफ्ट + एफ१०. त्याने इन्स्टंट रिप्ले बंद-चालू होतो, ॲप उघडायची गरज नाही.

जुनाजॉयस्टिक:
वरचं सगळं बरोबर, पण 'प्रोफाइल लावलं तरी काही होत नाही' यामागे दहापैकी आठ वेळा ईएक्सईचा घोळ असतो. हा आकडा माझ्या अंदाजाचा, पण घोळ खरा आहे.

स्कायरिममध्ये लाँचरची ईएक्सई वेगळी आणि गेमची वेगळी. प्रोफाइलमध्ये 'स्कायरिमएसई' ही हवी, 'स्कायरिमएसईलाँचर' नाही. एसकेएसईच्या (बऱ्याच मॉड्सना लागणारी जोड) लोडरमधून गेम उघडला तरी शेवटी स्कायरिमएसईच चालते, त्यामुळे लोडरची ईएक्सई प्रोफाइलमध्ये घालून उपयोग शून्य.

जीटीए ५ मध्ये 'प्लेजीटीएव्ही' नुसता द्वारपाल आहे, खरा गेम 'जीटीए५'. अनरिअल इंजिनच्या गेम्समध्ये वरच्या फोल्डरमधली ईएक्सई बहुतेक वेळा नुसती हाक मारायला असते. खरी बायनरीज, मग विन६४ या फोल्डरात बसते आणि तिच्या नावाच्या शेवटी 'विन६४-शिपिंग' असतं. एक्सबॉक्स ॲपमधून आलेल्या गेम्समध्ये 'गेमलाँचहेल्पर' दिसली तर तीही सोडा. विचर ३ ची तर गंमतच आहे: डायरेक्टएक्स ११ आणि १२ साठी दोन वेगळे फोल्डर, आत ईएक्सईचं नाव एकच.

सगळ्यात सोपा उपाय: गेम चालू करा, टास्क मॅनेजरमध्ये डिटेल्स टॅब उघडा, सर्वांत जास्त मेमरी खाणारी त्या गेमची प्रक्रिया पाहा. तीच ईएक्सई.

आणि स्कायरिमचा प्रोफाइल उघडलाच आहात तर दोन गोष्टी तिथेच करून टाका. अँटीअलायसिंग, एफएक्सएए आणि ॲनिसोट्रॉपिक फिल्टरिंग ड्रायव्हरकडून लादू नका, गेमच्या हाती सोडा. ईएनबीला ते चालत नाही. दुसरं, मॅक्स फ्रेम रेट ६० ठेवा. या गेमचं फिजिक्स फ्रेम रेटला बांधलेलं आहे, ६० च्या फार वर गेलात की दारात पाऊल टाकताच टेबलावरच्या ताटल्या-वाट्या उडायला लागतात. एसएसई डिस्प्ले ट्वीक्स हा मॉड घातला असेल तर ही अट सैल होते.

कंट्रोलऑल्टपोहे:
एवढा उपद्व्याप कशाला? ॲपच काढून टाका. ड्रायव्हर नुसता टाकता येतो, इन्स्टॉलर सुरुवातीलाच विचारतो: ॲपसकट की फक्त ग्राफिक्स ड्रायव्हर.

फ्रेमटाइम:
त्यांना इन्स्टंट रिप्ले हवा आहे हो. तो ॲपसोबतच जाईल.

पण यात एक कामाचा मुद्दा आहे. प्रोफाइल ॲपमध्ये राहत नाहीत, ड्रायव्हरच्या डेटाबेसमध्ये राहतात. ॲप काढलं तरी स्कायरिमला लावलेली ६० ची मर्यादा आणि अँसेल ऑफ तसंच राहतं. जातं कधी? ड्रायव्हर टाकताना 'क्लीन इन्स्टॉलेशन'वर टिचकी मारली की, किंवा डीडीयूने (ड्रायव्हर मुळासकट काढणारं साधन) साफसफाई केली की. म्हणून त्याआधी प्रोफाइल इन्स्पेक्टरमधून स्वतः बदललेले प्रोफाइल एक्स्पोर्ट करून ठेवा. एनआयपी प्रकारची एक छोटी फाइल तयार होते, नंतर तीच इम्पोर्ट करायची.

खटपट्या:
रेडिऑनबद्दल. ॲड्रिनलिनमध्ये गेमिंग टॅब, मग गेम्स, तिथे गेमच्या चौकटीवर टिचकी. अँटी-लॅग, बूस्ट, चिल, इमेज शार्पनिंग, सुपर रिझोल्यूशन, फ्लुइड मोशन फ्रेम्स हे सगळं त्या गेमपुरतं बंद करता येतं. गेम यादीत नसेल तर 'ॲड अ गेम'ने ईएक्सई दाखवा, आणि वरचा लाँचरचा इशारा इथेही लागू.

लोक जिथे फसतात ती जागा म्हणजे हायपर-आरएक्स. ग्लोबल पानावर ते एका टिचकीत चालू होतं आणि वरच्यापैकी बऱ्याच गोष्टी एकदम सगळ्या गेम्सना लागतात. मग 'मी तर काहीच चालू केलं नव्हतं' असे प्रश्न येतात. ग्लोबल पानावर सगळं बंद, आणि ज्या गेमला हवं त्यालाच त्याच्या चौकटीत चालू, अशी उलटी पद्धत ठेवा. डोकं शांत राहतं.

फ्लुइड मोशन फ्रेम्स आधी बंद करण्याच्या यादीत घ्या. ते तयार चित्रावरून मधल्या फ्रेम्स बनवतं, त्यामुळे गोळ्यांचे आकडे, नकाशा, मेनूतली अक्षरंही त्यात ओढली जातात आणि कडेला फरफटतात. गेममध्ये स्वतःचं एफएसआर ३ फ्रेम जनरेशन असेल तर ड्रायव्हरचं हवंच कशाला.

ओव्हरले मात्र इथेही सगळ्यांना मिळून एकच: गिअरचं चिन्ह, प्रेफरन्सेस, इन-गेम ओव्हरले. नुसती ऑल्ट + आर गेममधल्या कळीशी भांडत असेल तर ओव्हरले बंद करण्याऐवजी हॉटकीज टॅबमध्ये त्या ओळीवर टिचकी मारून डिलीट दाबा, जोडणी निघून जाते.

मित्र ऑनलाइन स्पर्धात्मक गेम्स खेळत असेल तर एक सांगून ठेवा. ऑक्टोबर २०२३ मध्ये २३.१०.१ या ड्रायव्हरमधलं अँटी-लॅग प्लस काउंटर-स्ट्राइक २ च्या इंजिनच्या डीएलएलमधली फंक्शन्स वळवत होतं. व्हॅकने, म्हणजे त्या गेमच्या अँटी-चीटने, त्याला फसवणूक समजून खेळाडूंवर बंदी घातली. एएमडीने २३.१०.२ मध्ये ते फीचर काढून घेतलं, आणि पुढे २०२४ मध्ये आलेलं अँटी-लॅग २ गेमनेच आत सामावून घ्यायचं अशा पद्धतीने बनवलं. गेमच्या अंगात बाहेरून हात घालणारं काहीही अशा गेम्समध्ये बंद ठेवणं यासाठीच बरं.

रात्रपाळी:
प्रोफाइल इन्स्पेक्टरने अँसेल ऑफ केलं, यादीतून एनव्हीकॅमेरा६४ गेली. धन्यवाद. आता स्कायरिमसाठी मुख्य ओव्हरलेही बंदच ठेवायचा विचार आहे. मग तिथलं रेकॉर्डिंग कशाने करावं? आणि स्टीमचा ओव्हरलेही काढावा का?

फ्रेमटाइम:
ओबीएसने, हे फुकट रेकॉर्डिंग सॉफ्टवेअर आहे. त्यात 'गेम कॅप्चर' नको, तेही हूक घालतं, म्हणजे गेमच्या आत शिरतं. 'विंडो कॅप्चर' घ्या आणि कॅप्चर मेथडमध्ये विंडोज १० वाला पर्याय निवडा. तो चित्र विंडोजकडून घेतो, गेमला स्पर्शही करत नाही. गेम मात्र बॉर्डरलेस ठेवा.

रिप्लेसाठी आउटपुटमध्ये रिप्ले बफर चालू करा, एन्कोडर एनव्हेंक (एनव्हिडिया कार्डातलाच). ओबीएस हा बफर रॅममध्ये धरतो, म्हणून हिशेब करूनच सेकंद ठरवा: ४० एमबीपीएस गुणिले ६० सेकंद म्हणजे २४०० मेगाबिट, आठने भागून ३०० एमबी. पाच मिनिटं ठेवलीत तर दीड जीबी. मॉड्स घातलेला स्कायरिम आणि १६ जीबी रॅम असेल तर दोन मिनिटांच्या वर जाऊ नका. एनव्हिडियाचा इन्स्टंट रिप्ले याउलट डिस्कवर तात्पुरत्या फाइलमध्ये लिहीत राहतो. बाकीच्या गेम्ससाठी तो चालू ठेवणार असाल तर तात्पुरत्या फाइल्सचा फोल्डर भरत आलेल्या सी ड्राइव्हवरून हलवा.

जुनाजॉयस्टिक:
स्टीमचा ओव्हरले गेमगणिक बंद होतो. लायब्ररीत गेमवर उजवी टिचकी, प्रॉपर्टीज, जनरल, तिथली ओव्हरलेची खूण काढा. एफ१२ चे स्क्रीनशॉट त्यासोबत जातात, ते ईएनबीच्या प्रिंटस्क्रीनने निघतील.

आफ्टरबर्नर (कार्डावर नजर ठेवणारं साधन) वापरत असाल तर त्यासोबतचा रिव्हाट्यूनर विसरू नका, तोही हूकच आहे. हिरव्या अधिक चिन्हावरून स्कायरिमएसई जोडा आणि 'ॲप्लिकेशन डिटेक्शन लेव्हल' नन करा. गेमगणिक वगळण्याची इतकी सरळ सोय एनव्हिडियाच्या ओव्हरलेलाही द्यायला हवी होती, पण नाही दिली. डिस्कॉर्डमध्येही नोंदलेल्या गेम्सच्या यादीत प्रत्येकापुढे ओव्हरलेचं वेगळं बटण आहे.

सगळं एकदम बंद करू नका. एक बंद करा, गेम पूर्ण बंद करून उघडा, तीच सेव्ह फाइल, तीच जागा, मग पुढचं. फ्रेम्स मोजायला प्रेझेंटमॉन किंवा त्यावर बेतलेलं कॅपफ्रेमएक्स घ्या आणि त्याचा ओव्हरले बंद ठेवा. नाहीतर ओव्हरलेचा परिणाम दुसऱ्या ओव्हरलेने मोजत बसाल.