इफ्फीचा बक्षीस समारंभ बघितलाय का? अनुभव लिहा

मंडळी, इफ्फीतल्या, म्हणजे गोव्यातल्या आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवातल्या, पिक्चरांवर सगळे लिहितात, पण शेवटच्या दिवशीच्या बक्षीस समारंभावर कोणी लिहीत नाही म्हणून हा धागा. सुरुवात मीच करतो. २८ नोव्हेंबर २०२४. पास मिळालेला, डिचोलीहून कदंबा बसमध्ये बसलो आणि पणजीत उतरून सवयीने सरळ कला अकादमीच्या दारात. पूर्वी तिथे सोहळे व्हायचे ना, डोक्यात तेच बसलेलं. वॉचमन हसला, "बाब, ते ताळगांवला, मुखर्जी स्टेडियमात." मग पायलट, म्हणजे मोटरसायकल टॅक्सी, केला, हेल्मेट डोक्याला घट्ट, शर्ट घामाने भिजलेला, आणि आत जाऊन टेकतोय न टेकतोय तोच वेब सिरीजचं बक्षीस पुकारलं. लंपन! मराठी! मी उभा राहून ओरडलो, शेजारचे सुटाबुटातले काका दचकले. वर भारतीय पदार्पणाच्या दिग्दर्शकाचं बक्षीसही 'घरत गणपती'च्या नवज्योत बांदिवडेकरांना. घसा बसला तो दोन दिवस.

———

मी बेळगावची, सासर म्हापशाला. आम्ही घरी टीव्हीवर बघत होतो. लंपनचं नाव आलं आणि मला रडूच फुटलं, कारण त्या सिरीजमधला लंपन आमच्या बाजूचा पोरगा, बोलतो पण आमच्यासारखंच. सासूबाई म्हणाल्या, "कोण गो हा, तुमच्या नात्यातला?" म्हटलं हो, तसंच समजा. त्यांनी लगेच देवापुढे साखर ठेवली.

———

२०२३ ला मी स्वयंसेवक होतो. ड्युटी काय, तर एक दार धरून उभं राहायचं. त्या वर्षी सत्यजित राय जीवनगौरव मायकेल डग्लसना होता, टाळ्या ऐकल्या, माणूस काही दिसला नाही. घरी आईला सांगितलं की त्यांची बायको कॅथरीन झीटा-जोन्सपण आलेली, तर आईचा प्रश्न, "साडी नेसलेली काय गो ती?" मी मुलगा आहे, पण उत्साहात आई सगळ्यांना गो म्हणते.

———

माझं दुखणं वेगळं. २०२४ ला लिथुआनियाच्या 'टॉक्सिक'चं तिकीट माझ्याकडे होतं, पण भूक लागलेली, रांग लांब, म्हटलं नाव तर वाचा, हा कसला बघायचा, आणि गेलो गाड्यावर रस-ऑम्लेट (रश्श्यातलं ऑम्लेट) खायला. त्यालाच सुवर्ण मयूर, म्हणजे महोत्सवातलं सगळ्यात मोठं बक्षीस, मिळाला! ४० लाख रुपये, दिग्दर्शक आणि निर्माता दोघांत वाटून. बायको रांगेत थांबलेली, तिने बघितला. आता घरात कुठलाही वाद झाला की ती नुसतं "ऑम्लेट" म्हणते.

———

धागाकर्ता: वहिनींचं बरोबरच आहे. पण गाडा कुठला तेवढं लिहा.